कन्सोल भंगारात देऊ नकोस

प्रिय सुध्या,

काल प्लेस्टेशनचे जुने गेम लॅपटॉपवर चालत नाहीत म्हणून वैतागून, फोन ठेवता ठेवता तू जे बोललास ना, "जाऊ दे रे, सगळं भंगारात देऊन टाकतो", ते काही डोक्यातून जात नाहीये. आज रविवार, चहा झाला आणि थेट लिहायलाच बसलो. व्हॉट्सअ‍ॅपवर तुकड्यातुकड्यात सांगितलं तर तू निम्मं वाचणार आणि तेवढ्यात बाळ्या मध्येच काहीतरी दाबून ठेवणार, त्यामुळे हे निवांत वाच, लॉगिन-बिगिन काही करायचं नाही, नुसता लॅपटॉप समोर ठेव आणि डिस्कचा डबा शेजारी.

पहिली गोष्ट म्हणजे तुझ्या डिस्क खराब झालेल्या नाहीत. लॅपटॉपवर डिस्कच्या कॉपी ठेवल्यास त्या फोल्डरचा तू जो फोटो पाठवलास त्यावरून मला तरी तसंच वाटतंय. आणि अरे, २०२१ च्या जुलैमध्ये वाशिष्ठीचं पाणी तुमच्या खिडकीपर्यंत चढलं, फ्रिज गेला, कपाट गेलं, काकूंच्या सगळ्या पैठण्या गेल्या, तेव्हा हा डबा आणि तो पीएस टू, म्हणजे प्लेस्टेशन २ कन्सोल, माळ्यावर होता म्हणून वाचला. त्या पुरातून राहिलेली वस्तू एक फोल्डर उघडत नाही म्हणून भंगारवाल्याला द्यायची? २०१३ पासून पीएस टू नवीन बनतच नाही रे. गेला की गेला.

आता कामाचं. डब्यातली प्रत्येक डिस्क उलटी करून बघ. खालची बाजू काळी असेल तर ती पीएस वनची, निळी असेल तर पीएस टूची पण सीडी, आणि चंदेरी असेल तर पीएस टूची डीव्हीडी. हे आधी वेगळं कर, कारण तुझी निम्मी भानगड इथेच आहे. तू टेकन ३ हा गेम पीसीएसएक्स टू या इम्युलेटरमध्ये (म्हणजे लॅपटॉपवर कन्सोलची नक्कल करणाऱ्या प्रोग्राममध्ये) टाकून बसला होतास, आणि ती काळ्या पाठीची डिस्क आहे, १९९८ ची. खरा पीएस टू दोन्ही चालवायचा म्हणून आपल्याला वाटतं की त्याचा इम्युलेटर पण दोन्ही चालवेल, पण पीसीएसएक्स टू हा पीएस टूसाठी आहे, पीएस वनच्या गेमसाठी डकस्टेशन घे, ते तुझ्या लॅपटॉपवर आरामात पळेल. मूळ पीएस वनमध्ये मेमरीच २ एमबीची होती, त्यामुळे त्याला काही फार दमदार मशीन लागत नाही.

बुरशीचं म्हणालास ना, ते पांढरे ठिपके. कोकणात ते होणारच. कोमट पाणी आणि साध्या साबणाचे दोन थेंब, मऊ सुती कपडा, आणि पुसताना मधल्या भोकापासून बाहेरच्या कडेकडे सरळ पुसायचं, गोल गोल फिरवून नाही. गोल पुसलं तर जो चरा पडतो तो ट्रॅकच्या दिशेनेच पडतो आणि मग वाचताना एकाच जागची सलग बरीच माहिती जाते. आणि टूथपेस्ट लावू नकोस, प्लीज. मी लावली होती, ते पुढे सांगतो.

तर टेकनचं. फोटोत मला दोन फाईली दिसल्या, एक बिन आणि एक क्यू. बिन फाईलचं नाव तू की बाळ्याने बदलून छान "टेकन" केलंय, क्यूचं नाव जुनंच लांबलचक आहे. इथेच मेलं सगळं. बिनमध्ये अख्खी डिस्क असते आणि क्यू ही नुसती एवढीशी चिठ्ठी असते, नोटपॅडमध्ये उघडून बघ, पाच-सात ओळी दिसतील. पहिल्या ओळीत अवतरणचिन्हात बिन फाईलचं नाव लिहिलेलं असतं, आणि इम्युलेटर क्यू उघडून त्या नावाची फाईल शोधायला जातो. तू नाव बदललंस पण चिठ्ठीत जुनंच राहिलं, मग त्याला घर सापडत नाही. म्हणजे पत्ता बदलला आणि पोस्टमनला सांगितलंच नाही असं झालं. चिठ्ठीतलं नाव अक्षर न् अक्षर नवीन नावासारखं कर, मधला स्पेस, शेवटचं डॉट बिन सगळं, आणि सेव्ह कर. सेव्ह करताना एक बघ, विंडोज एक्स्टेन्शन लपवून ठेवतं त्यामुळे कधीकधी फाईल डॉट क्यू डॉट टीएक्सटी होऊन बसते आणि आपल्याला दिसतच नाही. फोल्डरमध्ये वर व्ह्यू आहे, तिथे फाईल नेम एक्स्टेन्शन्सवर टिक करून ठेव कायमची. आणि गेम चालू करताना बिन नाही उघडायची, क्यू उघडायची.

हे मला इतकं पाठ का आहे सांगतो. चार वर्षांपूर्वी मी माझ्या सगळ्या पीएस वनच्या फाईलींना एका संध्याकाळी नीटनेटकी नावं दिली, सगळ्यांना, आणि दुसऱ्या दिवशी एक पण गेम उघडेना. मला वाटलं मूळ डिस्कच गेल्यात, परत कॉपी कराव्या लागणार, म्हणून डिस्क काढल्या, चरे दिसले, कोणीतरी सांगितलं टूथपेस्टने घास, मी घासली. रिज रेसरची डिस्क त्या रात्री कायमची गेली. आधी चांगली होती ती! नुसतं नाव बदललं होतं मी. त्याचं मला अजून वाईट वाटतं कारण ती आपण दोघांनी मिळून घेतलेली पहिली डिस्क, एसटी स्टँडसमोरच्या त्या गेमच्या दुकानात तासाला वीस रुपये देऊन खेळण्यापेक्षा आपलं घेऊ म्हणून पैसे साठवले होते, आठवतंय? आणि ती सुरू झाल्यावर कन्सोलचं झाकण उघडून आपण तुझ्या ताईची गाण्यांची सीडी आत टाकायचो आणि शर्यतीत तीच गाणी वाजायची. अख्खा गेम आधीच मेमरीत चढलेला असायचा आणि डिस्कवरून फक्त संगीत वाजायचं, म्हणून जमायचं ते. म्हणून म्हणतो, हात डिस्कला लावायच्या आधी फाईल बघ.

अजून एक, पीएस वनच्या डिस्कची कॉपी करताना आयएसओ या प्रकारची फाईल करू नकोस, बिन-क्यूच कर. सीडीच्या प्रत्येक सेक्टरमध्ये २३५२ बाइट असतात आणि आयएसओ त्यातले २०४८ च ठेवते. साध्या डेटाच्या सीडीला ते चालतं, पण पीएस वनचे गेम व्हिडिओ आणि आवाजासाठी ती उरलेली जागा पण वापरतात, त्यामुळे आयएसओ केली की गेम कदाचित सुरू होईल पण व्हिडिओ आला की अडकेल किंवा आवाजच जाईल. क्यू फाईलमध्ये तो २३५२ आकडा लिहिलेला दिसेल तुला, तो तसाच राहू दे.

गॉड ऑफ वॉर २ चं प्रकरण वेगळं आहे. तिथे फोटोत आकार दिसतोय, ४१,९४,३०४ केबी. हा आकडा बघितला की मला लगेच कळतं, बरोब्बर ४ जीबी. तू डिस्क थेट पेनड्राईव्हवर उतरवलीस ना? तो पेनड्राईव्ह फॅट३२ या फाईली ठेवायच्या पद्धतीत फॉरमॅट केलेला असणार आणि फॅट३२ मध्ये एक फाईल ४ जीबीपेक्षा मोठी बसतच नाही, तिथे येऊन ती तुटली. हा गेम २००७ चा, दोन थरांच्या डीव्हीडीवर आलेला, तसल्या डिस्कवर साडेआठ जीबीपर्यंत माल मावतो. म्हणजे तुझ्याकडे जेमतेम अर्धा गेम आहे. ती फाईल उडव, आणि परत काढताना लॅपटॉपच्याच डी ड्राईव्हवर काढ, तिथे एनटीएफएस असतं, अडचण नाही. बाहेरचा डीव्हीडी रायटर हळू चालतो, अर्धा-पाऊण तास लागला तरी मध्ये हात लावू नकोस. आणि काढायच्या आधी फोल्डर साध्या इंग्रजी अक्षरांत बनव. तू "बाळूचे गेम" असं मराठीत नाव दिलंयस, मला ते फार आवडलं, पण काही जुने इम्युलेटर देवनागरी पत्ता वाचू शकत नाहीत आणि काही न बोलता गप्प बसतात, मग आपण भलतीकडेच शोधत बसतो. तसंच डेस्कटॉपवर किंवा डॉक्युमेंट्समध्ये ठेवू नकोस, तुझं ते सगळं क्लाऊडवर जातं, आणि जागा कमी पडली की फाईलीचं फक्त नाव लॅपटॉपवर राहतं आणि खरी फाईल वर असते. छोटंसं ढगाचं चिन्ह दिसलं की समज.

आता बायोस. याच्यावर तू सगळ्यात जास्त वैतागलास आणि मला ते समजतं, कारण ते काय आहे हे कुणी सांगतच नाही, नुसतं "बायोस नॉट फाउंड" येतं. बघ, कन्सोलचं बटण दाबल्यावर डिस्क फिरायच्या आधी जो निळसर धूसर पडदा यायचा ना, ते उंच उंच खांब, तो कन्सोलच्या आतल्या चिपमधला प्रोग्राम. तेच बायोस. इम्युलेटर म्हणजे नुसती मशीनची नक्कल आहे, तिला जाग आणणारा तो पहिला प्रोग्राम त्यात येत नाही, कारण तो सोनीचा आहे. अमेरिकेत कनेक्टिक्स कंपनीविरुद्ध सोनीचा खटला झाला, त्यात २००० साली कोर्टाने इम्युलेटर बनवणाऱ्यांच्या बाजूने निकाल दिला, पण त्याने सोनीचं बायोस वाटायची परवानगी मिळाली असं नाही. ते आपल्याच कन्सोलमधून काढायचं असतं. कळलं ना आता कन्सोल का द्यायचा नाही? तो गेला तर डिस्कपण नुसत्या ताटल्या होतील.

तुझ्या फोल्डरमध्ये जी बायोस नावाची झिप आहे, ऑफिसातल्या कुणी पाठवलेली, ती ३८ केबीची आहे. पीएस टूचं बायोस ४ एमबीचं असतं, पीएस वनचं ५१२ केबीचं. ३८ केबीत काय असणार, बहुतेक एखादं वेबपेज सेव्ह झालंय. ती उडव आणि अशा आलेल्या फाईली त्या लॅपटॉपवर उघडू नकोस, वहिनीचं बँकेचं सगळं त्याच्यावर आहे.

देसी अड्डा या गेमचं मात्र तू म्हणतोस की तुझ्या भाच्याच्या कॉम्प्युटरवर, म्हणजे त्याच्याच पीएस टूचं बायोस घालून, आवाज येतो आणि पडदा काळा. ही चांगली बातमी आहे! आवाज आला म्हणजे बायोस ठीक, डिस्क ठीक, गेम चालू आहे, फक्त चित्र काढणारा भाग अडलाय. खेळ चालू असताना एफ नाइन दाब, त्याने चित्र ग्राफिक्स कार्डाऐवजी प्रोसेसर काढायला लागतो. हळू होईल, पण दिसलं तर नक्की झालं की दोष ग्राफिक्सच्या बाजूला आहे. मग ड्रायव्हर अपडेट करा, आणि सेटिंगमध्ये रेंडरर, म्हणजे चित्र काढायची पद्धत, व्हल्कन असेल तर डायरेक्ट३डी ११ करून बघा. काळा पडदा आणि आवाजपण नाही, तर मात्र फाईल किंवा बायोस बघायचं. हा फरक ध्यानात ठेवलास की निम्मा वेळ वाचेल. आणि चित्र थोडं सावकाश वाटलं तर घाबरू नकोस, आपल्याकडे विकल्या जायच्या त्या डिस्क पॅल या टीव्ही पद्धतीच्या, ५० हर्ट्झच्या, तेवढंच चालतं ते. हा गेम बाळ्याने खेळावाच असं मला फार वाटतं, २००९ मध्ये विटीदांडू आणि कबड्डी आणि पतंग प्लेस्टेशनवर आले होते हे त्याला खरंच वाटणार नाही.

आणि मेमरी कार्ड. ८ एमबीचं ते काळं कार्ड कन्सोलच्या स्लॉटमध्येच असेल बघ. त्यात सेल नसतो, फ्लॅश मेमरी असते, त्यामुळे इतक्या वर्षांनी पण आपली स्मॅकडाऊन या कुस्तीच्या गेमची अख्खी सीझन त्यात असायची शक्यता खूप आहे. ती पण काढता येते आणि इम्युलेटरमध्ये घालता येते. तुझा तो पैलवान, ज्याला तू काकांच्या मिशा दिल्या होत्यास, तो त्यातच आहे रे.

मी पुढच्या शनिवारी येतो. सकाळच्या गाडीने निघालो की दुपारी तुझ्याकडे. माझ्याकडे एक मेमरी कार्ड आहे ज्यावरून कन्सोल सुरू करून त्याचं बायोस पेनड्राईव्हवर उतरवता येतं, आणि आपलं जुनं पीएस वन पण माझ्याकडेच आहे, त्याचं बायोस मी कधीच काढून ठेवलंय, ते घेऊन येतो, ते तुझं पण तेवढंच आहे. तुला एवढंच करायचंय की पीएस टू उलटा करून खालचं स्टिकर बघ, एससीपीएच लिहून पुढे पाच आकडे असतील, ते मला कळव. पहिला आकडा ९ असेल तर माझं कार्ड कदाचित चालणार नाही, मग मी कोरी डीव्हीडी घेऊन येईन, त्याचा वेगळा मार्ग आहे. आणि तो फॅट३२ वाला पेनड्राईव्ह फेकू नकोस, गेमला नाही चालला तरी बायोस काढायला तोच लागणार आहे.

टेकनचं नाव तेवढं शनिवारच्या आत सरळ करून ठेव. बाळ्यालाच करू दे, चिठ्ठी उघडून नाव बदलायचं म्हटल्यावर त्याला मजा येईल.

वहिनीला आणि काकूंना नमस्कार सांग. काकूंना म्हणावं आंबोळ्या हव्यात.

तुझा,
मन्या

ता. क. – माळ्यावर टीव्हीची ती लाल-पांढरी-पिवळी वायर पण असेल, ती पण खाली काढून ठेव. बायोस काढताना कन्सोल टीव्हीला जोडावा लागेल, आणि तुमच्या नव्या टीव्हीला मागे ती भोकं आहेत का तेवढं बघ, नसतील तर काकांच्या खोलीतला जुना टीव्ही चालेल.