अडुसष्टाव्या वर्षी विक्रोळीत

ती. आई आणि ती. बाबांस,
साष्टांग नमस्कार.

रविवारी फोनवर बाबा म्हणाले, "सहासष्टाव्या वर्षी तुझ्या आईने जव्हारच्या आश्रमशाळेत शिकवायला जायचं, हे काय खूळ? आता आराम करायचा की नाही?" आई काहीच बोलली नाही. तिचं ते गप्प बसणं मला इतक्या लांबूनही कळलं. अशा गोष्टी फोनवर घाईघाईत होतात, म्हणून सविस्तर लिहिते आहे. बाबा, शेवटपर्यंत वाचा.

मी मध्ये अमेरिकेतल्या जॉर्जिया राज्यातल्या प्लेन्सला जाऊन आले. अटलांटाहून दक्षिणेला तीनेक तासांवर, हजारही वस्ती नसलेलं गाव. लाल माती आणि दोन्हीकडे भुईमुगाची शेतं. जिमी कार्टर इथलेच. ते अमेरिकेचे अध्यक्ष होते एवढंच सगळ्यांना ठाऊक असतं, पण मला त्यांच्या आईबद्दल सांगायचंय, कारण ती आपल्या विक्रोळीत राहून गेली आहे.

हो, विक्रोळीत, गोदरेजच्या वसाहतीत. लिलियन कार्टर पेशाने नर्स. नवरा १९५३ मध्ये कर्करोगाने गेला. मुलं मोठी झाली, आपापल्या वाटेला लागली. १९६६ साली टीव्हीवर 'पीस कोअर'ची, म्हणजे परदेशात सेवेसाठी स्वयंसेवक पाठवणाऱ्या अमेरिकी सरकारी संस्थेची, जाहिरात दिसली, वयाची अट नाही असं सांगणारी. बाईंनी अर्ज भरला. तेव्हा त्यांचं वय ६८. त्याच वर्षी मुलगा जॉर्जियाच्या गव्हर्नरपदासाठी उभा राहून पक्षांतर्गत निवडणुकीतच हरला होता, फार खचला होता. तरी आई निघाली आणि मुलांनी तिला जाऊ दिलं.

भारतात आल्यावर आधी कुटुंबनियोजनाच्या प्रचाराचं काम मिळालं. ते त्यांना मनापासून आवडलं नाही. मग दवाखान्यात गेल्या आणि तिथे रमल्या. सुया टोचायच्या, जखमा धुवायच्या, कुष्ठरोग्यांनाही हात लावायचा. पावणेदोन वर्षांनी परत गेल्या तेव्हा वजन इतकं उतरलं होतं की घरचे घाबरले. त्यांचा जन्म १५ ऑगस्टचा. सत्तरावा वाढदिवस भारतातच आला आणि त्या दिवशी त्यांनी मुलांना पत्र लिहिलं: ज्या माणसांशिवाय आणि वस्तूंशिवाय जगताच येणार नाही असं वाटायचं, त्यांच्यापासून इतक्या दूर या कोपऱ्यात आयुष्य म्हणजे काय ते मला उमगलं, अशा अर्थाचं. त्यांची ती पत्रं पुढे पुस्तकरूपानेही आली.

आई, आपण त्या भागातून कितीदा गेलो असू. मला कधी कुणी सांगितलं नव्हतं.

आता मुलाबद्दल, कारण बाबा म्हणतील, बाईंचं ठीक आहे, त्या एकट्या होत्या. जिमी कार्टर नौदलात पाणबुड्यांवर अधिकारी होते, अणुऊर्जेवर चालणाऱ्या पाणबुड्यांच्या कार्यक्रमात त्यांची निवड झाली होती. वडील गेल्यावर त्यांनी नोकरी सोडली आणि शेती नि बियाण्यांचा धंदा सांभाळायला गावी परतायचं ठरवलं. ठरवलं म्हणजे त्यांनी एकट्यानेच. बायकोला, रोझलिनला, विचारलंच नाही. ती इतकी रागावली की परतीच्या प्रवासात नवऱ्याशी धड बोललीसुद्धा नाही. पहिल्या वर्षी दुष्काळ पडला, वर्षाची कमाई २०० डॉलरही झाली नाही, सरकारी वसाहतीत घर घेऊन राहावं लागलं. बायकोला न विचारता आयुष्याचा निर्णय घेतला याची खंत त्यांनी पुढे स्वतःच बोलून दाखवली. आणि पुढची सगळी वर्षं त्यांनी तिच्याशी बोलल्याशिवाय मोठं पाऊल टाकलं नाही. रोझलिन मंत्रिमंडळाच्या बैठकींना बसायची, त्यावरून टीका झाली, तरी बसायची. बाबा, हे मी मुद्दाम लिहिते आहे.

१९७० मध्ये दुसऱ्या प्रयत्नात ते गव्हर्नर झाले आणि शपथविधीच्याच भाषणात वर्णभेदाचे दिवस संपले असं त्यांनी जाहीर सांगितलं. दक्षिणेतल्या गोऱ्या पुढाऱ्याने त्या काळी हे बोलायला छाती लागत होती. १९७६ ला अध्यक्षपदासाठी उतरले तेव्हा लोक विचारायचे, कोण हा जिमी? निवडून आले. १९७८ मध्ये इजिप्तचे सादात आणि इस्रायलचे बेगिन यांना कॅम्प डेव्हिडला १३ दिवस ठेवून घेतलं आणि समझोता घडवला. माझ्या मते एवढं एक कामही एका कारकिर्दीला पुरेसं होतं. पण महागाई भडकली, पेट्रोलच्या रांगा लागल्या, तेहरानमध्ये ५२ अमेरिकन ४४४ दिवस ओलीस राहिले, त्यांना सोडवायला पाठवलेल्या मोहिमेत ८ सैनिक दगावले. १९८० ला रेगन यांनी त्यांना ५० पैकी ४४ राज्यांत हरवलं. ओलीस सुटले ते रेगन यांनी शपथ घेतल्यावर काही मिनिटांनी. अखेरचे दिवस कार्टर यांनी त्यांच्याच सुटकेसाठी न झोपता काढले होते.

वय ५६. पदावर असताना विश्वस्तांच्या हाती दिलेला शेंगांचा धंदा सुमारे १० लाख डॉलर कर्जात बुडालेला. देशाने नाकारलेला माणूस त्याच गावात, १९६१ साली बांधलेल्या त्याच साध्या घरात परतला. आणि मग जे केलं ते पदावर असताना केलेल्यापेक्षा मोठं होतं, असं माझं ठाम मत आहे.

बाबा, तुम्ही लहानपणीच्या गोष्टी सांगताना नारूबद्दल सांगायचात. पायविहिरीचं पाणी प्यायल्याने पायातून निघणारा तो दोरीसारखा जंत, काडीला गुंडाळून रोज थोडाथोडा ओढायचा, तुटला तर पाय सडायचा. १९८२ मध्ये नवराबायकोने अटलांटाला कार्टर सेंटर काढलं आणि १९८६ पासून या नारूच्या मागे लागले. तेव्हा आफ्रिका-आशियातल्या २१ देशांत वर्षाला अंदाजे ३५ लाख लोकांना नारू व्हायचा. त्यावर ना औषध ना लस. उपाय एकच, पाणी वस्त्रगाळ करून पिणं आणि रोग्याला विहिरीत उतरू न देणं. हे गावोगाव पटवून द्यायचं. १९९५ मध्ये सुदानमध्ये यादवी चालू असताना कार्टर यांनी दोन्ही बाजूंना लढाई थांबवायला लावली, का, तर आरोग्यसेवकांना खेड्यांत जाऊन गाळण्या वाटता याव्यात. आपल्या सरकारी यंत्रणेनेही नेटाने काम केलं आणि भारत २००० साली नारूमुक्त जाहीर झाला. २०२४ मध्ये साऱ्या जगात नारूचे रोगी होते १५. नव्वदाव्या वर्षी मेंदूपर्यंत कर्करोग पोचल्याचं सांगताना कार्टर म्हणाले होते की, शेवटचा नारू माझ्या आधी मरावा. तेवढी इच्छा राहिली.

२००२ चं शांततेचं नोबेल याच सगळ्यासाठी. २००६ मध्ये ८२ व्या वर्षी ते लोणावळ्याजवळ आले होते, गरिबांसाठी शंभर घरं बांधायला, स्वतः हातात हातोडा घेऊन. रोझलिनही बरोबर होत्या. ७७ वर्षांचा संसार झाला त्यांचा. २०२३ च्या नोव्हेंबरात त्या गेल्या, २९ डिसेंबर २०२४ ला ते गेले, शंभर वर्षं पुरी करून. दोघांना घराच्या आवारातच पुरलंय. अंत्यविधीत माजी अध्यक्ष फोर्ड यांनी आधीच लिहून ठेवलेलं भाषण फोर्डपुत्राने वाचलं. हे तेच फोर्ड, ज्यांना १९७६ ला कार्टर यांनी हरवलं होतं. नंतर दोघे जिवलग मित्र झाले होते. हे वाचताना मला रडू आलं होतं.

बाबा, आईने तीस वर्षं महापालिकेच्या शाळेत शिकवलं, घर सांभाळून. आजीचं सगळं केलं. तिला कुणी तरी बोलावलंय, तिच्या हातचं काम मागितलंय, याचा तिला किती आनंद झालाय हे तिने मला तुमच्या आधी सांगितलं, कारण तुमच्या कपाळावरची आठी तिला ठाऊक होती. तिची काळजी वाटते म्हणून तुम्ही बोलता, हे मला कळतं. पण या वेळी तिला विचारा, तुझं काय म्हणणं आहे, आणि ती बोलेपर्यंत थांबा.

आई, तू रक्तदाबाच्या गोळ्या तीन महिन्यांच्या एकदम घेऊन ठेव. जव्हारला डिसेंबरात चांगलीच थंडी पडते, जाड रग लागेल, तो मी इथून पाठवते. राहायच्या खोलीत पाण्याची आणि संडासाची सोय कशी आहे ते आधी बाबांना घेऊन जाऊन बघून या. ठाण्याहून एसटी आहे. बाबा, तिथल्या शाळेचे हिशेब बघायला कुणी नाही असं आई म्हणत होती. तुम्ही महिन्यातून आठ दिवस जाऊन राहिलात तर तिलाही बरं आणि शाळेलाही. शाळा जूनमध्ये सुरू होते, म्हणजे मे अखेरपर्यंत त्यांना होकार कळवायला हवा. पुढच्या रविवारी फोन करीन, तेव्हा दोघं स्पीकरवर या.

तुमची,
मनू