आई, ते मावशीचं काम घे

ती. आई आणि बाबांना,
सा. न.

आई, ज्येष्ठ नागरिक संघाच्या नाटकातलं खाष्ट मावशीचं काम तू नाकारलंस म्हणे. ‘या वयात लोकांना काय हसवायचं, आणि तेही दुय्यम काम!’ फोनवर वाद घातला असता तर तू लगेच ‘जेवलीस का’वर गेली असतीस, म्हणून लिहिते आहे. बाबा, तिला मोठ्याने वाचून दाखवा.

इथे लंडनच्या फेन्चर्च स्ट्रीटहून साउथएंडला जाणाऱ्या माझ्या रोजच्या लाइनीवर लेन्डन नावाचं स्टेशन लागतं. जोन सिम्स ही विनोदी कामं करणारी इंग्रज नटी तिथल्या स्टेशन मास्तरांची मुलगी, जन्म १९३०चा. स्टेशनात वाढलेली पोरं कशी असतात ते बाबांना सांगायला नको. गाडीची वाट बघत बसलेल्या पॅसेंजरांसमोर ही खेळ करून दाखवायची. लंडनच्या रॉयल अकॅडमी ऑफ ड्रामॅटिक आर्टने तिला आधी घेतलंच नाही. चौथ्या खेपेला प्रवेश मिळाला आणि १९५० साली ती शिकून बाहेर पडली.

पुढे ‘कॅरी ऑन’ नावाची विनोदी सिनेमांची मालिका आली. चावट, स्वस्तातले, भराभर उरकलेले सिनेमे. त्यातल्या चोवीस सिनेमांत ती आहे. दुसऱ्या कुठल्याच नटीने इतके केले नाहीत. सुरुवातीला देखण्या तरुणी, मग संशयी बायका, मग कजाग सासवा. १९७५च्या एका सिनेमात तर ती पॅट्सी रोलंड्स या नटीची आई झाली, आणि पॅट्सी तिच्याहून जेमतेम आठ महिन्यांनी लहान! म्हणजे आई, तुला निदान वयाला साजेशी मावशी तरी मिळते आहे.

याच मालिकेतला खैबर खिंडीवरचा १९६८चा सिनेमा बघ. (पडद्यावरची खिंड खरं तर वेल्समधली आहे, आणि गोऱ्या नटांनी तोंडं रंगवून केलेले हिंदुस्थानी आज बघवत नाहीत, हे आधीच सांगते.) शेवटी गव्हर्नरच्या बंगल्यावर तोफगोळे पडतायत आणि आत साहेबलोक जेवतायत. जोन गव्हर्नरची बायको. छताचा गिलावा तिच्या डोक्यावर कोसळतो, केस पांढरेफटक होतात, आणि ती स्वतःवरच एक कोटी करून खुदकन हसते. घाबरल्याचा मागमूस नाही, मी विनोद करते आहे असा आवही नाही. रेल्वे इन्स्टिट्यूटमध्ये तुझ्या पाठीमागे पडद्याची दांडी कोसळली होती, आठवतं? तू पदर झटकलास, ‘या घराची डागडुजी करा म्हणून किती वर्षं सांगतेय’ म्हणालीस आणि पुढचं वाक्य घेतलंस. बाबा म्हणतात, त्या रात्री नायिकेचं नाव कुणाच्या लक्षात राहिलं नाही.

पैशाच्या बाबतीत मात्र तिच्यावर अन्यायच झाला. त्याच सिनेमांतल्या सिड जेम्स, केनेथ विल्यम्स या नटांना सिनेमामागे पाच हजार पौंड, हिला अडीच हजार. ते सिनेमे टीव्हीवर आजही लागतात, पण तिला त्याचं वेगळं काही मिळालं नाही. लग्न केलं नाही. १९७९-८०च्या सुमारास तिचा एजंट गेला, नटी-मैत्रीण हॅटी जॅक्स गेली, आईही गेली, आणि ती दारूच्या आणि नैराश्याच्या कचाट्यात सापडली. ही बाजू मी गोड करून सांगणार नाही.

पण साठी उलटल्यावर नटी जुडी डेंचच्या ‘ॲज टाइम गोज बाय’ या टीव्ही मालिकेत ती मॅज झाली: काउबॉय हॅट घालणारी, उतारवयात धुमधडाक्यात लग्न करणारी म्हातारी. काम छोटंच, पण ती आली की घर जागं होतं. २००१ साली ती गेली, त्याच्या आदल्या वर्षापर्यंत कॅमेऱ्यासमोर होती.

तर उद्या संघात फोन कर. मावशीचं काम दुसऱ्या कुणाला दिलं असेल तर भांडून परत घे. तालमी वरच्या मजल्यावर असतील तर खालच्या हॉलमध्ये घ्यायला सांग, तुझ्या गुडघ्यांचं कारण दे. बाबा, प्रॉम्प्टिंग तुमच्याकडे, पण तिच्या आधी वाक्य म्हणून टाकू नका. संहितेचे फोटो व्हॉट्सॲपवर पाठवा, रविवारी मी इथून समोरच्या पात्राची वाक्यं वाचेन.

तुमची,
चिमू