जास्परहून आई-बाबांस

ती. बाबा आणि सौ. आईस सा. न. वि. वि.

बाबा, इथे कॅनडाच्या डोंगरात मी घोड्यावरून फिरतोय, तेव्हा मी पडेन ही भीती मनातून काढून टाका. इथे माणसापेक्षा घोड्यालाच वाट जास्त पाठ असते. फक्त तंग, म्हणजे खोगिराचा पोटाखालचा पट्टा, दोनदा आवळायचा. खोगीर चढवताना घोडा पोट फुगवून घेतो, म्हणून थोडं चालवून पुन्हा ओढायचा. ते राहिलं तर चढावर खोगीर फिरतं आणि त्यासकट माणूस खाली. उतारावर टाचा खाली दाबायच्या, अंग जरा मागे. हिमनदीचं पाणी दुपारी उन्हाने चढतं, म्हणून ओढे सकाळीच ओलांडतात.

आई, एक गोष्ट तुला मुळीच पटणार नाही. रात्री खाण्याबरोबर टूथपेस्ट, साबण, ओठांचं मलम, स्वयंपाकाची भांडी, सगळं एका पिशवीत भरून तंबूपासून लांब, जमिनीपासून 4 मीटरवर दोरीने टांगतात. कशाला? अस्वलाला वास फार दुरून लागतो, आणि साबण खायचा नसतो हे त्याला कळत नाही. स्वयंपाक करताना अंगात असलेला शर्टसुद्धा तंबूत नेत नाहीत. खरकटं पाणी गाळायचं, शितं कचऱ्याच्या पिशवीत, तीही वर. एकदा आपलं अन्न चाखलं की ते अस्वल पुन्हा पुन्हा येतं, आणि शेवटी बहुधा त्यालाच गोळी घालावी लागते. वेडगळ वाटलं तरी बरोबर आहे.

इथून पुढे लेक लुईस या गावापर्यंत मोटारीने साधारण 230 किमी. मध्ये पेट्रोल फक्त सस्कॅचवान क्रॉसिंग या थांब्यावर, म्हणून टाकी भरूनच निघतात. मोबाईलला रेंज जवळजवळ नाहीच, तेव्हा फोन लागला नाही तर लगेच मामाला कामाला लावू नका. इथून व्हँकूव्हर शहराला जाणारी रेल्वे मालगाड्यांना वाट देत थांबत जाते, कधी कित्येक तास उशिरा पोहोचते. त्यामुळे तिच्या भरवशावर त्याच दिवसाचं विमान कुणी धरत नाही, मीही धरलेलं नाही.

कर्जाचा हप्ता नेहमीच्या तारखेला येईल. हा प्रवास बोनसमधून केला, घराच्या पैशाला हात लावलेला नाही. ताईच्या साखरपुड्याला मात्र रजा मिळत नाही, लग्नाला नक्की येतो. तिला तुम्हीच सांगा, मला धीर होत नाही. माझ्यासाठी आलेला फोटो पाहिला. मुलगी चांगली आहे, पण आधी ताईचं होऊ दे. आई, डोळ्यांचं ऑपरेशन माझ्यासाठी थांबवू नकोस, पैसे वेगळे पाठवतो.

तुमचा,
बाळू