आईसाठीचे शब्द आईपर्यंत पोहोचावेत

माननीय संपादक महोदय,

स. न. वि. वि.

मातृदिन जवळ आला की वृत्तपत्रांच्या पुरवण्यांतून आईविषयीचे लेखन येऊ लागते. ते आवर्जून वाचणाऱ्यांपैकी मी एक आहे आणि त्यामागच्या भावनेविषयी माझ्या मनात तिळमात्र शंका नाही. तरीही वात्सल्यमूर्ती, त्यागाची परिसीमा, परमेश्वराचे दुसरे रूप ही विशेषणे कोणत्याही आईला लावता येतात, आणि त्यामुळेच ती वाचून कोणत्याच आईचा चेहरा डोळ्यांपुढे उभा राहत नाही. आईचा सन्मान शब्दांनी करायचा असेल तर ते शब्द तिच्या एकटीविषयीचे असावेत आणि तिच्या हयातीत तिच्या कानांवर पडावेत, अशी माझी कळकळीची इच्छा आहे.

ज्या दिवसाच्या निमित्ताने हे सारे लिहिले जाते, त्याचा उगमही याच इच्छेत आहे. अमेरिकेतील ॲना जार्विस यांच्या आई ॲन रीव्ह्‌ज जार्विस यांनी माता आणि अर्भकांच्या आरोग्यासाठी स्त्रियांची मंडळे उभी केली होती. त्यांची स्वतःची अनेक मुले लहानपणीच दगावली होती. १९०५ मध्ये त्यांचे निधन झाले आणि ॲना यांच्या पुढाकाराने १० मे १९०८ रोजी वेस्ट व्हर्जिनियातील ग्राफ्टन येथील चर्चमध्ये मातृदिनाची पहिली प्रार्थनासभा झाली. १९१४ मध्ये राष्ट्राध्यक्ष वुड्रो विल्सन यांनी मे महिन्याचा दुसरा रविवार मातृदिन म्हणून जाहीर केला. प्रत्येकाने आपापल्या आईला भेटावे, ते शक्य नसेल तर स्वतःच्या हाताने तिला पत्र लिहावे, ही ॲना यांची अपेक्षा होती. छापील शुभेच्छापत्रांचा बाजार वाढत गेला तसा त्यांनी त्याला आयुष्यभर विरोध केला, आणि अखेर आपणच सुरू केलेला हा दिवस रद्द व्हावा म्हणूनही त्या झटल्या. त्यांचा विरोध काहींना टोकाचा वाटेल; मला तो समजतो, कारण दुसऱ्याने लिहिलेल्या ओळींखाली केवळ सही करून पाठवलेल्या कागदात पाठवणाऱ्याने आईकडे पाहिल्याची एकही खूण नसते.

मी अनेक वर्षे शाळेत मराठी शिकवले. ‘माझी आई’ हा निबंध मुलांना सांगितला की वर्गातल्या सगळ्या वह्यांमध्ये जणू एकच आई असायची: सर्वांच्या आधी उठणारी, सर्वांच्या नंतर झोपणारी, कधीही न रागावणारी. मुले खोटे लिहीत नव्हती. आईविषयी असेच लिहायचे असते, असे त्यांना आम्हीच नकळत शिकवले होते. मग मी विषय थोडा बदलला आणि आपल्या आईविषयीची अशी एकच गोष्ट लिहायला सांगितली, जी शेजारी बसलेल्या मित्राच्या आईबद्दल लिहिता येणार नाही. तेव्हा कोणाची आई हिशेब करताना ओठ हलवत असल्याचे कळले, कोणाची आई पुस्तकाचे शेवटचे पान आधी वाचून मग पहिल्या पानाकडे वळत असल्याचे कळले. एका मुलीने लिहिले होते की, आई माझ्यावर रागावली की थोड्या वेळाने काहीतरी निमित्त काढून माझ्या खोलीत येते आणि न बोलता माझी पुस्तके नीट लावून जाते. हे कौतुक धरायचे का, असे तिने मला विचारले. मी हो म्हटले, आणि आजही माझे उत्तर तेच असेल, कारण त्या एका वाक्यात आईचा राग, पश्चात्ताप आणि माया एकत्र आली होती आणि ती टिपणारे मूलही त्यात दिसत होते.

आपल्या गौरवाच्या भाषेत आणखी एक गोष्ट मला खटकते, आणि तिच्याविषयी थोडे सविस्तर लिहिणे भाग आहे. आईची स्तुती आपण बहुतांशी तिच्या त्यागासाठी करतो. ती कधी थकत नाही, स्वतःसाठी काही मागत नाही, सारे हसत सोसते, असे वारंवार म्हटले गेले की थकणे, मागणे आणि न सोसणे हे तिचे दोष ठरू लागतात. जिने नोकरीसाठी मुलाला काही काळ दुसऱ्याच्या हाती सोपवले, जी आजारपणामुळे वा दुःखामुळे काही वर्षे मुलांना हवी तशी मिळाली नाही, त्या आईला ही स्तुती ऐकताना काय वाटत असेल, याचा विचार लिहिणाऱ्याने करायला हवा. तिने काय सोडले हे जरूर सांगावे, पण ते सोडताना तिला काय हवे होते हे तिला विचारून मग सांगावे. माझ्या वयाची असताना तुला काय करायचे होते, हा प्रश्न कित्येक मुलांनी आईला कधीच विचारलेला नसतो. ज्यांचे आईशी नाते अवघड राहिले आहे, त्यांनी खोटी स्तुती लिहू नये. मनापासून मान्य असलेली एकच गोष्ट लिहिली तरी तिचे मोल मोठे आहे. आणि ज्यांना जन्मदात्रीने वाढवले नाही, त्यांनी वाढवणाऱ्या आजीला, मावशीला किंवा दत्तक घेणाऱ्या आईला तितक्याच हक्काने लिहावे.

मनात असूनही पुष्कळ जण लिहीत नाहीत, कारण त्यांना संकोच वाटतो. आईला हे कृत्रिम वाटेल, तिला तर सारे ठाऊकच आहे, असे ते म्हणतात. अमित कुमार आणि निकोलस एप्ली या संशोधकांनी २०१८ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात कृतज्ञतेची पत्रे लिहिणाऱ्यांचा अंदाज आणि ती मिळालेल्यांचा प्रत्यक्ष अनुभव ताडून पाहिला होता. पत्र मिळणाऱ्याला अवघडल्यासारखे होईल, ही लिहिणाऱ्यांची भीती प्रत्यक्षापेक्षा बरीच जास्त निघाली आणि त्याला होणारा आनंद त्यांनी कमी धरलेला होता. शब्द नेमके सुचले आहेत का, याची चिंताही लिहिणाऱ्यालाच अधिक होती.

पत्र लिहून झाल्यावर शक्य असेल तर ते आईला स्वतः वाचून दाखवावे. ज्या मातांना लिहिता-वाचता येत नाही किंवा ज्यांची दृष्टी अधू झाली आहे, त्यांच्यासाठी तर हे आवश्यकच आहे. पण इतरांसाठीही आवाजाचे महत्त्व मोठे आहे. नवजात बाळे इतर स्त्रियांच्या आवाजापेक्षा आपल्या आईचा आवाज अधिक पसंत करतात, हे १९८० मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगातून दिसून आले. आईशी आपली ओळख शब्दांचा अर्थ कळण्यापूर्वी तिच्या आवाजातून झालेली असते. स्मृतिभ्रंश झालेल्या आईला वाचून दाखवून काय उपयोग, असे कोणी म्हणेल. प्रसंगाची आठवण पुसली गेली तरी त्याने जागवलेली भावना अशा रुग्णांच्या मनात त्यानंतरही काही काळ रेंगाळते, असे संशोधकांना आढळले आहे. वाक्ये छोटी ठेवावीत, सावकाश वाचावे आणि दुसऱ्या दिवशी तेच पत्र पुन्हा वाचावे.

आपल्याकडे माझी विनंती अशी आहे. येत्या मातृदिनाच्या पुरवणीत आईवरील सर्वसाधारण लेखांऐवजी वाचकांनी आपल्या हयात असलेल्या आईला लिहिलेली छोटी पत्रे छापावीत. निधनानंतरच्या स्मरणलेखांत आईविषयी किती नेमके आणि सुंदर लिहिले जाते, हे आपण नेहमी पाहता. तो नेमकेपणा तिच्या हाती देता आला तर किती बरे होईल! प्रत्येक पत्रात निदान एक खरा प्रसंग असावा आणि उसन्या ओळी नसाव्यात. पत्र आपल्याकडे येण्यापूर्वी आईने ते वाचलेले वा ऐकलेले असावे आणि ते छापायला तिची संमती असावी. तिने नकार दिला तर ते आपल्याकडे येणार नाही, पण ते जिच्यासाठी लिहिले तिला मिळालेले असेल. आलेल्या पत्रांचे वाचन आणि निवड यांत साहाय्य हवे असल्यास मी आनंदाने वेळ देईन. मुलांनी लिहिलेल्या पत्रांतील भाषा मात्र कोणी सुधारू नये, एवढा आग्रह मी धरेन.

कळावे,

आपली नम्र,
एक निवृत्त शिक्षिका