तिसऱ्या वेळचा होकार

सांगली

चि. निनाद यास,
अनेक उत्तम आशीर्वाद.

रविवारी फोनवर तू जे बोललास ते अजून मनातून जात नाही. तुमच्या मंडळाच्या बैठकीत ‘पहिल्या वर्षाच्या मुलांना मत नको’ असा ठराव आला, सगळ्यांनी हात वर केले म्हणून तूही केलास, आणि त्या रात्री तुला झोप लागली नाही. ‘आता काय, झालं ते झालं’ असं म्हणून तू विषय बदललास. मला तेव्हा पटकन काही सुचलं नाही, म्हणून आज कागद घेऊन बसले आहे.

गेल्या वर्षी मी तिकडे अमेरिकेत आले होते तेव्हा नॉक्सव्हिलमध्ये तू मला आई-मुलाचा एक पुतळा दाखवला होतास. ‘इथला कुणीतरी जुना आमदार आहे’ एवढंच तू म्हणालास आणि आपण पुढे गेलो. परत आल्यावर मी त्याच्याबद्दल मिळेल ते वाचलं. तीस वर्षं नागरिकशास्त्र शिकवूनही हा मुलगा मला माहीत नव्हता, याची खंत वाटली.

हॅरी बर्न. जन्म १८९५ चा, तुमच्याच पूर्व टेनेसीतल्या नायोटा गावचा. वडील रेल्वेत स्टेशनमास्तर होते, ते १९१६ मध्ये गेले. हॅरीही रेल्वेत नोकरी करायचा. १९१८ मध्ये, वयाच्या बाविसाव्या वर्षी, तो रिपब्लिकन पक्षातर्फे राज्याच्या प्रतिनिधीगृहात निवडून आला. सभागृहात सगळ्यात लहान तोच. त्याची आई फेब घरची शेती सांभाळायची. ती कॉलेजात शिकलेली होती आणि वर्तमानपत्रं बारकाईने वाचायची. त्यांच्या शेतावर राबणाऱ्या, अक्षरओळख नसलेल्या पुरुषांना मत होतं आणि तिला नव्हतं. हॅरीला हे लहानपणापासून दिसत होतं.

१९२० च्या उन्हाळ्यात स्त्रियांच्या मताधिकाराची घटनादुरुस्ती पस्तीस राज्यांनी मान्य केली होती. ४८ पैकी ३६ लागत होती. सगळा देश टेनेसीच्या राजधानीकडे, नॅशव्हिलकडे, डोळे लावून बसला. बाजूने असलेले पिवळा गुलाब लावत, विरोधातले लाल. हॅरीच्या कोटावर लाल गुलाब होता. त्याच्या भागात विरोधाचा सूर होता आणि निवडणूक नोव्हेंबरात येऊन ठेपली होती.

१८ ऑगस्टला सभापती सेठ वॉकर यांनी ठराव बाजूला ठेवण्याचा, म्हणजे सरळ गुंडाळण्याचा, प्रस्ताव मांडला. मतं पडली ४८ विरुद्ध ४८. पुन्हा मोजली, पुन्हा ४८-४८. दोन्ही वेळा हॅरीने गुंडाळणाऱ्यांच्या बाजूने मत दिलं. निनाद, हे मी दोनदा वाचलं. ज्याचा पुतळा उभा आहे त्याने त्याच सकाळी दोनदा नको तिकडे मत दिलं होतं! (बँक्स टर्नर नावाच्या आमदाराने आयत्या वेळी गुंडाळायला विरोध केला म्हणून तर बरोबरी झाली. त्याचं नाव आज फारसं कुणी घेत नाही, याचं मला वाईट वाटतं.)

मग मूळ ठराव मताला आला. इथे बरोबरी झाली असती तर ठराव पडला असता. नावं वर्णक्रमाने पुकारली जात होती, त्यामुळे बर्न लवकरच आला. आणि तो ‘हो’ म्हणाला. ठराव मंजूर झाला.

त्याच्या खिशात त्याच दिवशी मिळालेलं आईचं सात पानी पत्र होतं. बहुतेक मजकूर घरचा, गावचा. त्यातच मध्ये तिने लिहिलं होतं की मताधिकाराच्या बाजूने मत दे, लोकांना ताटकळत ठेवू नकोस. विरोधातलं एक कडवट भाषण तिने पेपरात वाचलं होतं. आणि पुढे अशा अर्थाचं एक वाक्य: तू कुठे उभा आहेस ते बघत असते, पण अजून काही दिसलं नाही. त्या वाक्याशी मी बराच वेळ थांबले. तिने रागावलं नाही, धमकावलं नाही. मुलाचं नाव शोधत ती रोज पेपर चाळत होती.

दुसऱ्या दिवशी त्याच्यावर लाच घेतल्याचे आरोप झाले. लुइझियानाच्या माजी गव्हर्नरांची पत्नी थेट फेबच्या घरी पोचली, पत्र खोटं आहे असं तिच्याकडून लिहून घ्यायला. फेब बधली नाही. उलट, पत्र माझंच आहे अशी तार तिने नॅशव्हिलला केली. आणि हॅरीने उभं राहून आपली कारणं सभागृहाच्या कामकाजात नोंदवली: हा हक्क आहे असं मी मानतो, आईचा सल्ला मुलाने ऐकावा हे मला ठाऊक आहे, आणि एक कोटी सत्तर लाख स्त्रियांना राजकीय गुलामीतून सोडवण्याची संधी माझ्या वाट्याला आली. मला मतापेक्षाही ही नोंद मोठी वाटते. मत एका शब्दाचं होतं, पण कारणं त्याने नावानिशी लिहून ठेवली.

हेही तुला सांगायला हवं की दक्षिणेतल्या बहुतेक कृष्णवर्णीय स्त्रियांसाठी तो हक्क पुढे कितीतरी वर्षं कागदावरच राहिला. १९६५ चा मताधिकार कायदा यावा लागला. आपल्याकडे मुंबई प्रांतात १९२१ मध्ये स्त्रियांना मत मिळालं, पण मिळकतीच्या अटीवर. तुझ्या पणजीच्या नावावर साधी पाटीभर जमीनही नव्हती.

हॅरी त्या नोव्हेंबरात पुन्हा निवडून आला, थोडक्यात. पुढे वकील झाला, बँकेत होता, गव्हर्नरपदाची उमेदवारी १९३० मध्ये मागितली आणि ती हुकली. १९४० च्या दशकाअखेर राज्याच्या सिनेटवर गेला, राज्यघटना दुरुस्तीच्या परिषदांत बसला. १९७७ मध्ये वारला, नायोटातच.

तुमची पुढची बैठक महिनाअखेरीस आहे म्हणालास. ठराव पुन्हा चर्चेला घ्या असं लेखी देता येतं का, ते तुमच्या नियमावलीत बघ. कारणं दोन-चार ओळींतच लिही, पण खाली नाव घाल. मित्र चार दिवस बोलणार नाहीत कदाचित. ते सोसायला लागेल.

बाबांचा गुडघा आता बरा आहे, सकाळी गणपती मंदिरापर्यंत चालत जातात. मागच्या दारची जास्वंद खूप फुलली आहे. शेजारच्या काकूंचा मुलगा पुढच्या आठवड्यात अटलांटाला येतोय, त्याच्याबरोबर मेतकूट आणि लिंबाचं गोड लोणचं पाठवते. लोणच्याच्या बरणीत ओला चमचा घालू नकोस.

तुझी,
आई