आजोबांच्या वेशातला नातू

मा. संपादक यांस,
सप्रेम नमस्कार.

स्वतःच वेश घेऊन लोकांसमोर चित्रं काढण्याचे प्रयोग करणारे कलाकार निखिल चोप्रा यांच्या कामाविषयी आपल्या पत्रव्यवहाराच्या सदरात नुकतंच एक पत्र आलं. कोळशाने रेघोट्या ओढणं, चारचौघांत दाढी करणं, कपडे बदलणं ही कला कशी, असा त्याचा रोख होता. प्रश्न विचारायला हरकत नाही. पण तो ज्या घाईने निकालात काढला, ते मला पटलं नाही, म्हणून हे लिहितो आहे.

चोप्रांचा जन्म १९७४ चा, कोलकात्याचा. शिक्षण बडोद्यात आणि पुढे अमेरिकेत ओहायोला. गेली बरीच वर्षं ते गोव्यात राहतात. त्यांचे आजोबा योगराज चोप्रा लंडनला चित्रकला शिकून आले आणि काश्मीरची निसर्गचित्रं काढत राहिले. नातवाने त्या आजोबांवरून ‘योगराज चित्रकार’ हे पात्र उभं केलं. हे पात्र एखाद्या चौकात किंवा संग्रहालयात मुक्काम टाकतं. तिथेच जेवतं, झोपतं, अंग धुतं, दाढी करतं, वेश बदलतं आणि समोर दिसणारा देखावा तासन् तास, कधी दिवसेंदिवस काढत राहतं. तोंडून शब्द नाही.

२००७ मध्ये हा चित्रकार श्रीनगरच्या लाल चौकात गेला. आजोबांनी ज्या प्रदेशाचे डोंगर आणि पाणी रंगवलं, तिथे नातू बंदोबस्ताच्या छायेत रस्त्यावर चित्र काढायला बसला. मला त्यांच्या सगळ्या कामांत हे सर्वांत मोलाचं वाटतं. निसर्गचित्रात कोण दिसतं आणि कोण गाळलं जातं, हा प्रश्न तिथे आपोआप उभा राहतो. वारसा म्हणजे नुसता अभिमान मिरवणं नव्हे, त्याला जाब विचारणंही आहे. चोप्रांच्या घराण्याच्या सुखवस्तूपणावर बोट ठेवणाऱ्यांनी त्यांचं ‘सर राजा’ हे जुनं पात्रही पाहावं. राजेशाही थाटाच्या पोशाखात निश्चल बसलेला तो संस्थानिक पाहताना मनात आदर नाही, अस्वस्थता दाटते.

पुढे २००९ ला व्हेनिसच्या कलाप्रदर्शनात प्रयोग, २०१७ ला अथेन्सपासून जर्मनीतल्या कासेलपर्यंत चित्रं काढत केलेला प्रवास, आणि २०१९ च्या सप्टेंबरात न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात सलग नऊ दिवसांचा प्रयोग. ही यादी मोठेपणासाठी देत नाही. परदेशात गाजलं म्हणून आपण माना डोलवाव्यात, असं मला मुळीच वाटत नाही.

मला सांगायचंय ते माझ्या गोव्यातल्या पेडण्याच्या माणसाला. जत्रेच्या रात्री दशावताराच्या रंगपटात डोकावलेला कोण नाही आपल्यात? स्त्रीपार्टी नट आपल्या ट्रंकेवर हातआरसा टेकवतो, चेहऱ्याला पांढरा रंग चोपडतो, काजळाची रेघ कानाकडे ओढतो. मग लुगडं नेसतो, आणि मान वळवण्याची पद्धतच बदलते. समोरचा ओळखीचा माणूस कधी नाहीसा झाला, कळत नाही. लिखित संहिता नसते, आणि खेळ पहाटेपर्यंत चालतो. चोप्रा हाच रंगपट लोकांपुढे उघडा करतात. पुरुषी वेश उतरवून बाईचा वेश चढवतात, तेही सावकाश, सगळ्यांच्या नजरेसमोर. फरक आहेच. आपल्याकडे गणपती येतो, संकासुर येतो, कथा पुढे सरकते. तिथे कथा नाही, आणि त्यामुळे बघणाऱ्याला धीर लागतो. तो धीर आपल्यात नाही, असं मात्र कुणी म्हणू नये. रात्र रात्र जागणारी माणसं आहोत आपण.

आणखी एक गोष्ट त्या पत्रात सुटली. २०१४ मध्ये चोप्रा, माधवी गोरे आणि रोमेन लुस्तो यांनी गोव्यात ‘एचएच आर्ट स्पेसेस’ सुरू केलं. देशोदेशीचे कलाकार तिथे येऊन राहतात आणि काम करतात. केरळात भरणाऱ्या कोची-मुझिरिस बिनाले या मोठ्या कलाप्रदर्शनाच्या डिसेंबर २०२५ मध्ये सुरू झालेल्या सहाव्या आवृत्तीची आखणी चोप्रांनी याच मंडळींना सोबत घेऊन केली. एकट्याच्या अंगावर चढवलेल्या आजोबांच्या कपड्यांपासून निघालेला माणूस इतक्या जणांचं काम एकत्र मांडण्यापर्यंत आला, हे आपल्या शेजारी राहून घडलं. त्याची नीट मराठी दखल घ्यायला नको का?

म्हणून विनंती अशी. गोव्यात असा प्रयोग पुन्हा होईल, तेव्हा आपला प्रतिनिधी उद्घाटनाचा फोटो काढून परत येऊ नये. तो सुरुवातीपासून शेवटपर्यंत थांबावा, आणि सोबत एखाद्या दशावतारी नटाला घेऊन जावा. त्या नटाला काय दिसलं, काय खटकलं, ते त्याच्याच शब्दांत छापा. आयोजकांनीही प्रयोगाची माहिती कोकणी आणि मराठीत लावावी. इंग्रजी फलकापाशी घोटाळून परत फिरणारी माणसं मी पाहिली आहेत, आणि त्यातली कितीतरी उत्तम प्रेक्षक आहेत.

कळावे,
एक नियमित वाचक, पेडणे