आजोबांच्या नावाविषयी

बेळगाव

तीर्थरूप आई व बाबा यांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

बारसे येत्या रविवारी ठरले आहे. बाळाला आजोबांचे नाव ठेवावे, ही इच्छा मी फोनवर बोलून दाखवली तेव्हा बाबा, तुम्ही बराच वेळ गप्प राहिलात आणि मग "दगडाधोंड्याचे नाव पोराला कशाला, शाळेत मुले चिडवतील," एवढेच म्हणालात. त्या नावावरून तुम्हाला लहानपणी काय काय ऐकावे लागले, ते आईने मला सांगितले आहे. कागदोपत्री तुम्ही वडिलांच्या नावाचे केवळ आद्याक्षर का लिहीत आलात, तेही मला आता उमगते. म्हणून सविस्तर लिहीत आहे.

पणजीची पहिली दोन मुले पाळण्यातच गेली. तिसऱ्यावर काळाची नजर पडलीच तर दगड समजून त्याने पुढे जावे, एवढ्यासाठी तिने हे नाव दिले. आपल्याकडचे दगडू, धोंडू, केरात टाकलेला म्हणून केरबा, भीक मागून मिळवलेला म्हणून भिकाजी, ही सारी नावे अशाच भीतीतून आली आहेत. शेजारच्या कानडी घरांतही तेच दिसते. कल्लाप्पातला 'कल्लु' म्हणजे दगड आणि तिप्पण्णातली 'तिप्पे' म्हणजे उकिरडा. नावाला जोडलेले 'अप्पा' म्हणजे वडील आणि 'अण्णा' म्हणजे थोरला भाऊ. त्यांतला अण्णा तर आपण मराठी माणसांनी कधीच आपलासा केला. खानापुराकडच्या ख्रिस्ती घरांतल्या पेद्रूच्या नावातही दगडच आहे. येशूने आपल्या शिष्याला अरामी भाषेत 'केफा', म्हणजे खडक, असे नाव दिले आणि त्याचेच ग्रीकमध्ये 'पेत्रोस' झाले. तिथे मात्र तो दगड पायाचा आहे, काळाला चुकवण्याचा नव्हे.

मला सर्वांत जास्त हलवून गेली ती जपानची हकिकत. सोळाव्या शतकाच्या अखेरीस अवघा जपान एका सत्तेखाली आणणाऱ्या तोयोतोमी हिदेयोशीला उतारवयात, 1589 मध्ये, मुलगा झाला. त्याला 'सुते', म्हणजे टाकून दिलेला, असे नाव ठेवले. तरीही 1591 मध्ये ते मूल गेले. 1593 मध्ये दुसरा मुलगा झाला, तेव्हा त्याचे नाव 'हिरोई', म्हणजे उचलून आणलेला, असे ठेवण्यात आले. ज्याच्या शब्दावर लाखाहून अधिक सैन्य हलत होते, त्यालाही पाळण्यापाशी आपल्या पणजीचाच उपाय करावा लागला. मंगोलियात अशा मुलांना 'नेरग्युई', म्हणजे निनावी, म्हणतात आणि नायजेरियातले योरुबा लोक 'मालोमो' असे नाव ठेवून मुलाला पुन्हा जाऊ नकोस म्हणून विनवतात.

आई, तू विचारशील की मग नकुशी हे नावही असेच समजायचे का? तसे मला मुळीच वाटत नाही. 2011 मध्ये सातारा जिल्ह्यात नकुशी म्हणवल्या जाणाऱ्या अडीचशेहून अधिक मुलींना समारंभाने नवी नावे देण्यात आली आणि ते योग्यच झाले, कारण त्या नावातला नकार खुद्द त्या मुलीलाच ऐकवलेला असतो. पणजीने नकार सोसला तो मूल हातचे जाऊ नये म्हणून, आणि आजोबा ऐंशी वर्षे जगले. बाबा, ज्या नावाने तुम्हाला ओशाळे वाटायचे, त्या नावामुळेच आपले मूल वाचले असे पणजी मरेपर्यंत मानत होती.

बाळाला चिडवतील, ही तुमची काळजी मी हसण्यावारी नेत नाही. शाळेच्या दाखल्यावर कोणते नाव घालायचे ते तुम्हीच ठरवा, मी त्याच नावाने अर्ज भरीन. मात्र बारशाला ताई बाळाच्या कानात आजोबांचेच नाव सांगणार आहे आणि त्याला तुमची संमती हवी आहे.

आणखी एक विनंती. बाळाला पाळण्यात घालण्यापूर्वी पाळण्याखालून फिरवायला इथे वरवंटा नाही, घरात मिक्सर आहे. तुमच्या बारशाला जो वरवंटा अंगडे-टोपडे घालून फिरवला होता, तो अजून स्वयंपाकघरातल्या पाट्यावरच असेल. शनिवारच्या बसने येताना तोच आणावा. जड आहे, बाबा, तेव्हा पिशवी आईच्या हाती देऊ नका.

आपला,
धाकटा